दारातूनच परत: युरोपच्या सहली काढणाऱ्यांना खुलं पत्र

प्रति,
पुण्या-मुंबईहून (आणि हल्ली सातारा-सांगलीहूनही) युरोपच्या सहली काढणारे सर्व आयोजक व त्यांचे टूर मॅनेजर यांस,

सप्रेम नमस्कार.

आधी तुमचं ऋण मान्य करते, मग भांडते. २०१७च्या मे महिन्यात तुमच्यापैकीच एकांबरोबर मी युरोपला गेले होते. बारा दिवस, सहा देश. व्हिसाच्या फॉर्ममध्ये मी घातलेला घोळ तुमच्या ऑफिसातल्या मुलीनं निस्तरला. गुडघेदुखीवाल्या काकूंना कोचमध्ये रोज पुढची सीट मिळाली. इटलीतल्या कुठल्याशा आडगावच्या हॉटेलात रात्री साडेनऊला गरम वरण-भात पानात पडला. ज्या बायका उभ्या जन्मात एकट्या बँकेतही गेल्या नव्हत्या, त्या तुमच्या झेंड्यामागून रोममध्ये बिनधास्त हिंडल्या. हे सोपं काम नव्हे.

भांडण फ्लॉरेन्सचं आहे.

आमचा कोच तिथे सकाळी साडेदहाला पोचला आणि अडीचला निघाला. त्या चार तासांत जेवण होतं, कॅथेड्रल बाहेरून होतं, जुन्या पुलाचा फोटो स्टॉप होता आणि सांता क्रोचे चर्चच्या जवळचं चामड्याचं दुकान होतं. दुकानाला पन्नास मिनिटं. तिथल्या मुलीनं जॅकेटवर लायटरची ज्योत धरली, चामडं अस्सल असल्याचं पटवून दिलं, ‘सस्ता, अच्छा’ हेही म्हणाली. मी टूर मॅनेजरना विचारलं, चर्चमध्ये डोकावून येऊ का? तर म्हणाले, “मॅडम, तिकीट आहे, रांग आहे, आणि आतून सगळी चर्च सारखीच असतात हो.” मुलगा गुणी होता, दोन रात्री त्याची धड झोप झाली नव्हती. मी वाद घातला नाही. दारापर्यंत गेले आणि परत आले.

मी अठ्ठावीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवली. एलिमेंटरी, इंटरमिजिएटच्या किती बॅचेस हाताखालून गेल्या ते आता आठवतही नाही. जी चित्रं मी आयुष्यभर पोस्टकार्डाएवढ्या छापील आकारात मुलांना दाखवली, त्यांच्या दारातून परत येणं माझ्या जिवाला लागलं. कोच हायवेला लागल्यावर अंताक्षरी सुरू व्हायच्या आत मी माइक मागून घेतला, आणि ज्या चौकातून आपण आत्ता निघालो तिथे काय झालं होतं ते सांगितलं.

४ नोव्हेंबर १९६६. पहाटे आर्नो नदी फ्लॉरेन्समध्ये घुसली. काही गल्ल्यांत पाणी सहा मीटरच्या वर चढलं. थंडी तोंडावर आलेली, त्यामुळे घरं गरम ठेवायच्या तेलाच्या टाक्या तळघरांतून भरलेल्या होत्या. त्या फुटल्या आणि पाण्यात चिखलाबरोबर काळं तेल मिसळलं. पाणी ओसरलं तरी भिंतींवर, पुतळ्यांवर, चित्रांवर तेलाची रेघ राहिली. सांता क्रोचे शहराच्या सखल भागात, त्यामुळे तिथे सगळ्यात वाईट अवस्था. तेराव्या शतकात चिमाबुए नावाच्या चित्रकारानं रंगवलेला लाकडी क्रूस तिथे होता; त्याचा साठ टक्के रंग पाण्यात गेला. नदीकाठच्या राष्ट्रीय ग्रंथालयात दहा लाखांहून जास्त पुस्तकं-कागद भिजले. मग देशोदेशींची तरुण मुलं आली, कोणी बोलावलं नव्हतं, आणि साखळी करून तळघरातून चिखलानं माखलेली पुस्तकं हातोहात वर काढत राहिली. फ्लॉरेन्सची माणसं त्यांना आजही ‘चिखलातले देवदूत’ म्हणतात.

कोचमध्ये कोणी बोलेना. मग पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले पुण्याचे एक काका म्हणाले, “म्हणजे आमचं पानशेतच की.” १९६१ साली ते शाळेत होते, घराच्या भिंतीवरची पाण्याची खूण त्यांना अजून हातानं दाखवता येते. आणि मग थोडे चिडूनच म्हणाले, “बाई, हे तिथे उभं असताना सांगायचं ना! मी उगाच जॅकेटं बघत बसलो.”

तेव्हा ‘लोकांनाच नको असतं हो’ हे उत्तर कृपा करून मला देऊ नका. आमच्या कोचमध्ये पंचेचाळीस माणसं होती. कोणी कलेतलं जाणकार नव्हतं. पण पूर म्हणजे काय, भिजलेली वस्तू उन्हात घालताना पोटात काय होतं, हे त्यातल्या प्रत्येकाला कळत होतं. चित्र कोणत्या शैलीतलं हे सांगायला गेलात तर माणसं पेंगतील. ते वाचलं कसं हे सांगा, मग बघा.

दोन वर्षांनी मुलीबरोबर पुन्हा गेले. सहा देश नाहीत, एकटं फ्लॉरेन्स, पाच दिवस. पहिल्याच सकाळी सांता क्रोचे. तिथे व्हासारी या चित्रकाराचं ‘शेवटचं भोजन’ आहे, १५४६चं. लिओनार्दोचं नव्हे, त्याच विषयावरचं, पाच लाकडी फळ्या जोडून केलेलं, साडेपाच मीटरहून लांब. पुराच्या दिवशी ते बारा तासांहून अधिक पाण्याखाली होतं. बाहेर काढलं तेव्हा रंग सुटायला लागला होता, म्हणून पृष्ठभागावर पातळ कागद चिकटवून तो कसाबसा जागच्या जागी धरला. लाकूड पाणी पिऊन फुगलेलं, आणि वाळता वाळता आखडत गेलं. त्यावरचं जिप्सम आणि सरसाचं अस्तर मात्र आखडेना. म्हणजे अंगरखा तोच आणि अंग आटलेलं, असं झालं. रंगाच्या जागोजाग घड्या पडल्या.

आता यातली मला सगळ्यात आवडलेली गोष्ट ऐका. तिथल्या तज्ज्ञांनी फळ्या गोदामात ठेवून दिल्या आणि जवळजवळ चाळीस वर्षं दुरुस्तीला हात घातला नाही. हयगय म्हणून नव्हे. हे कसं करायचं ते अजून कोणालाच येत नाही, आणि येत नसताना केलं तर उरलंय तेही जाईल, एवढं त्यांना कळत होतं म्हणून. काम खऱ्या अर्थानं सुरू झालं २००४ नंतर. लाकडाची फळी हाताळण्यात मुरलेल्या जुन्या कारागिरांनी तरुणांना हाताशी धरून शिकवलं, लाकूड पुन्हा रंगाच्या मापाला आणलं, मग तो कागद, चार दशकांपूर्वीचा, हलकेच सोडवला. पुराला बरोबर पन्नास वर्षं झाली त्या दिवशी, ४ नोव्हेंबर २०१६ला, चित्र सांता क्रोचेत परत आलं. आता पुराचा इशारा आला की ते वर उचलून घ्यायची यंत्रणा भिंतीलाच बसवली आहे.

२०१७च्या मेमध्ये, आम्ही लायटरची ज्योत बघत होतो तेव्हा, ते परत येऊन जेमतेम सहा महिने झाले होते. पावलं मोजली तर दोनशेही भरली नसती.

चिमाबुएच्या क्रुसापुढे मी बराच वेळ उभी होते. लांबून ख्रिस्ताचा देह सलग दिसतो, जिथे रंग गेला तिथे काहीतरी करडं-सोनेरी-हिरवट आहे पण डोळ्याला टोचत नाही. फोनच्या कॅमेऱ्यातून मोठं करून पाहिलं तेव्हा कळलं, त्या जागा बारीक-बारीक रेघांनी भरल्या आहेत, चारी दिशांनी एकमेकींवरून गेलेल्या. गेलेला चेहरा त्यांनी पुन्हा काढला नाही. आसपासच्या रंगांचं जणू मिश्रण करून रेघांची जाळी विणली, की दुरून चित्र तुटू नये आणि जवळून कोणाची फसवणूक होऊ नये. मुलांना मी कायम सांगायचे, खोडरबर कमी वापरा. इथे माझ्याच धड्याची पुढची इयत्ता भिंतीवर होती.

हे करणारी संस्था फ्लॉरेन्समध्येच आहे, ओपिफिच्यो देल्ले पिएत्रे दुरे. १५८८ साली फ्लॉरेन्सवर राज्य करणाऱ्या मेदिची घराण्यानं ती कठीण दगडांच्या जडावकामासाठी काढली, ताजमहालाच्या संगमरवरात बसवलेल्या फुलांची आठवण यावी असं काम. पुढे जडाव मागे पडत गेलं आणि दुरुस्ती हाच मुख्य धंदा झाला. तिचं लहानसं संग्रहालय आहे, तिथे गर्दी नसते. (गुडघेदुखीवाल्या काकूंना बसायलाही जागा मिळेल.)

दुसरी तक्रार नकलांची. कॅथेड्रलसमोरच्या अष्टकोनी बाप्तिस्मागृहाचं सोनेरी दार तुम्ही दाखवलंत, आम्ही फोटो काढले. ते दार १९९०पासून नक्कल आहे हे कोणी बोललं नाही. गिबेर्ती या शिल्पकारानं १४२५ ते १४५२ अशी सत्तावीस वर्षं घालवून केलेलं खरं दार पुरात झोडपलं गेलं, त्याच्या दहापैकी पाच चौकटी निखळून पडल्या. ते दुरुस्त करायलाही साधारण तितकीच वर्षं लागली! २०१२पासून ते कॅथेड्रलच्या मागच्या संग्रहालयात काचेआड, दमटपणा बाहेर ठेवून जपलेलं आहे. तेच डेव्हिडच्या पुतळ्याचं. चौकात उभा आहे तो १९१०चा. मायकेलअँजेलोनं घडवलेला १८७३ सालीच पावसापाण्यातून उचलून आत नेला. नक्कल दाखवण्यात लाज वाटण्यासारखं काही नाही. खऱ्याला ऊन-पाऊस लागू नये म्हणून नक्कल उन्हात उभी आहे, हे केवढं छान सांगता येईल! पण आमच्या ग्रुपमधल्या निम्म्या लोकांच्या घरी दिवाणखान्यात डेव्हिडबरोबरचा फोटो आहे आणि तो डेव्हिड नव्हे, हे त्यांना माझ्याकडून कळलं. दोघी अजून माझ्यावर नाराज आहेत.

पिसा. तिथे मी तुम्हाला दोष कमीच देते, कारण मनोऱ्याला हातानं टेकू दिल्याचा फोटो मीही काढला आणि तो मला आवडतो. पण खरा टेकू कसा दिला तेही सांगत जा ना. १९९०मध्ये मनोरा बंद करावा लागला, इतका झुकला होता. मग वर असलेल्या बाजूच्या पायाखालून थोडी थोडी माती काढून घेतली आणि मनोरा आपल्या वजनानं किंचित मागे आला. सरळ केला नाही. सरळ केला असता तर तुमचा धंदा बसला असता. २००१ला पुन्हा उघडला.

त्याच हिरवळीच्या कडेला एक लांबलचक पांढरी भिंत आहे, जिच्याकडे आपण सगळे पाठ करून फोटो काढतो. ते काम्पोसांतो, जुनं दफनस्थान. आतल्या ओवऱ्यांच्या भिंती चौदाव्या-पंधराव्या शतकात चित्रांनी भरल्या होत्या. २७ जुलै १९४४ला महायुद्धातला एक तोफगोळा छपरावर पडला. लाकडी तुळया पेटल्या, छपरावरचं शिसं वितळून खाली वाहिलं, भिंती भाजून निघाल्या. चित्रांचा थर वाचवायला तो कापड आणि सरस लावून भिंतीवरून सोलून काढावा लागला. आणि सोलल्यावर खाली काय निघालं? चित्रकारांची पहिली रेखाटनं. लालसर मातीनं, आपल्या गेरूचीच ती जात, ओघवत्या हातानं काढलेली. कुठे हात बदललाय, कुठे डोकं जरा उजवीकडे सरकवलंय. सहाशे वर्षं कोणी न पाहिलेली कच्ची वही. आता त्यांचं वेगळं संग्रहालय हिरवळीच्या पलीकडच्या बाजूला आहे. मी तिथून लवकर निघाले नाही, मुलगी बाहेर आइसक्रीम खाऊन आली.

पुढची गोष्ट तर कोचमध्ये शाळकरी मुलं असतील तर नक्की सांगा. भिंतीवरून सोलताना लावलेला तो सरस पुढे दगडासारखा झाला, रसायनांना दाद देईना. तेव्हा स्पिनेल्लो अरेतिनोच्या एका चित्रावर त्यांनी जिवाणू सोडले. कापसातून पसरले, आणि त्या जिवाणूंनी काही तासांत सरस खाऊन टाकला, रंगाला तोंड लावलं नाही. बुफ्फालमाक्कोचं ‘मृत्यूचा विजय’ हे तिथलं सगळ्यात गाजलेलं चित्र २०१८ साली आपल्या भिंतीवर परत गेलं. तिकीट काढून तासाभरात बघून होतं. चहाला आपण तेवढा वेळ घेतो.

मिलानमधल्या लिओनार्दोच्या ‘शेवटच्या भोजना’चा मी आग्रह धरत नाही. तिकिटं फार आधी संपतात, आत १५ मिनिटं, एका वेळी मोजकीच माणसं. अख्खा कोच एकदम जाऊ शकत नाही, ही तुमची अडचण मला समजते. पण निदान गोष्ट तरी सांगा. बाई म्हणून मी यथार्थदर्शन याच चित्रावर शिकवायचे, सगळ्या रेषा येशूच्या कपाळाच्या कडेला कशा जाऊन मिळतात ते फळ्यावर पट्टी धरून. दुरुस्तीत नेमक्या त्याच जागी खिळ्याचं भोक सापडलं. लिओनार्दोनं तिथूनच दोऱ्या ताणल्या असणार. त्यानं ओल्या गिलाव्यावर रंगवायची रीत सोडून कोरड्या भिंतीवर रंगवलं, म्हणून रंग काही वर्षांतच पोपडे धरायला लागला. हे चित्र मठाच्या भोजनगृहातलं; १६५२ला तिथल्या साधूंनी त्या भिंतीतलं दार वाढवलं, त्यात येशूची पावलं गेली. १९४३च्या ऑगस्टमध्ये बॉम्ब पडून त्या भोजनगृहाचं छप्पर आणि एक बाजू कोसळली. वाळूच्या पोत्यांआड ही भिंत उभी राहिली. आणि मधल्या काळात जो येईल त्यानं आपल्या परीनं ते ‘नीट’ केलं. शेवटी पिनीन ब्राम्बिल्ला बार्चिलोन या बाईंनी वीसेक वर्षं, १९९९पर्यंत, भिंगातून बघत बघत आधीच्या लोकांनी चढवलेले थर उतरवले.

त्या थरांत एक होता लाखेचा. युद्धानंतर सुटणारा रंग धरून ठेवायला लाखेचं पातळ द्रावण वापरलं होतं. लाख म्हणताच माझे कान टवकारले, कारण हीच कहाणी आपल्याकडे अजिंठ्याला घडून गेली आहे. अजिंठा तेव्हा निजामाच्या राज्यात. १९२० साली निजाम सरकारनं लेण्यांतली चित्रं वाचवायला इटलीहून दोन जाणकार बोलावले, लोरेन्झो चेक्कोनी आणि त्यांचे सहकारी ओर्सिनी. त्यांनी सुटलेला गिलावा भिंतीला पुन्हा धरला, ते काम चांगलं होतं; आणि चित्रांवर लाखेचं वॉर्निश चढवलं, तेव्हाची तीच रीत होती. ते वॉर्निश पुढे पिवळं पडलं, काळवंडलं, आणि उतरवण्यात आपल्या पुरातत्त्व खात्याच्या माणसांची कित्येक वर्षं गेली. त्या दोघांना नावं ठेवायला मी हे सांगत नाही. चुका त्यांनी घरीही केल्या. पण १९३९ला रोममध्ये दुरुस्तीची मध्यवर्ती संस्था निघाली, चेझारे ब्रांदी तिचे पहिले संचालक झाले, आणि त्यांनी विचार करून नियम बसवले: भर घातली तर ती जवळून ओळखू यावी, आणि जे लावाल त्यानं पुढच्या माणसाचा हात बांधला जाऊ नये. चिमाबुएच्या क्रुसावरची ती रेघांची जाळी याच विचारातून आली आहे. अजिंठ्याला तुमच्यातले बरेच जण सहली काढतात. पहिल्या क्रमांकाच्या लेण्यात उभं राहून सांगायला यापेक्षा चांगला दुवा मला तरी माहीत नाही.

आता तुमच्याच फायद्याचं. आन्ना मारिया लुइझा ही मेदिची घराण्याची शेवटची वारस. १७३७ला भाऊ वारला, गादी दुसऱ्या घराण्याकडे जाणार हे ठरलेलं. तिनं नव्या सत्ताधीशांशी करार केला, की घराण्यानं दोनशे-तीनशे वर्षांत जमवलेली चित्रं, पुतळे, पुस्तकं त्यांना मिळतील, पण यातली एकही वस्तू फ्लॉरेन्सबाहेर जाता कामा नये. कारणं तिनं लिहून ठेवली: राज्याची शोभा, लोकांचा उपयोग, आणि परदेशी माणसांचं कुतूहल ओढून आणण्यासाठी. म्हणजे तुमचा आमचा कोच तिथे लागणार हे त्या बाईनं तेव्हाच हेरलं होतं. फ्लॉरेन्सच्या उफ्फिझी संग्रहालयाच्या दालनांत आज जे आहे त्यातलं बरंचसं तिच्या त्या कागदामुळे आहे. तुमच्या ऑफिसात तिचा एक फोटो लावायला हरकत नाही.

मला काय हवंय ते थोडक्यात सांगते. चामड्याचं दुकान बंद करा म्हणत नाही, त्यात तुमचं काय गणित असतं ते आम्हाला कळतं. पन्नासाची वीस मिनिटं करा. आत बोलायला परवाना असलेला स्थानिक गाइड लागतो, त्याचे पैसे माणशी वाढतील, वाढवा. बारा दिवसांत सहा देशांऐवजी पाच केलेत तर आमचं काही बिघडत नाही, सहाव्या देशात आम्ही फक्त वॉशरूमला उतरलो होतो. आणि पिसाहून फ्लॉरेन्सला येताना कोचमध्ये दीड तास असतो. अंताक्षरी परतीच्या वाटेवर घ्या.

येत्या हंगामाची तुमची रंगीत माहितीपत्रकं लवकरच येतील. त्यात फ्लॉरेन्सच्या दिवसासमोर ‘सांता क्रोचे (आतून)’ असं छापलेलं दिसलं, तर माझ्या भिशीतल्या अकरा जणी पैसे भरायला तयार आहेत. पाटबंधारेवाल्या काकांनीही दोन सीट सांगून ठेवल्या आहेत.

आपली,
एक निवृत्त चित्रकला शिक्षिका,
सातारा

ता.क. मिलानच्या त्या काचेच्या छताच्या बाजारात जमिनीवरच्या बैलाच्या चित्रावर टाच ठेवून तीन गिरक्या घ्यायला तुम्ही आम्हाला लावलंत, नशीब उघडतं म्हणून. आम्ही पंचेचाळीस जणांनी घेतल्या. तिथे टाचांनी खड्डा पडतो आणि तो पुन्हा पुन्हा बुजवावा लागतो. पुढच्या खेपेला एकानं घेतली आणि बाकीच्यांनी टाळ्या वाजवल्या तर चालेल का, बघा.